डबीतला खेळ आणि विठूमामचा अंगठा

बसमध्ये किस्से साठतात ते सीटखाली सापडणाऱ्या छत्र्यांसारखे. कुठली कोणाची ते आठवत नाही, टाकून द्यायला मन होत नाही, आणि एक दिवस वाकून बघावं तर ही रास! मी कोरगाव-म्हापसा लाईनवरचा कंडक्टर. बस खाजगी, वाट पार्से, चोपडे, शिवोलीची. लोक म्हणतात, दत्ता किश्श्यांना तिखटमीठ लावतो. लावतो. अळणी किस्सा ऐकायला कोण थांबतो? पण हे जे सांगतोय त्यात मीठ बेताचंच आहे, कारण साक्षीदार बसभर आहेत आणि ते रोज माझ्याकडेच तिकीट काढतात.

सगळं सुरू झालं ते माझ्या बायकोच्या एका फोनने.

* * *

तेव्हा बसमध्ये गाणी माझ्या फोनवरून वाजायची. फोन ब्लूटूथने टेपला जोडलेला, टेपला चार स्पीकर, म्हणजे मागच्या सीटवरच्या माणसालाही चुकवायची सोय नाही. एका सकाळी आरती रंगात आली होती आणि मध्येच घरून फोन आला. मी खिशातल्या खिशात तो बंद करायला गेलो, बोट भलतीकडे लागलं, आणि बायकोचा आवाज चारी स्पीकरांतून घुमला.

"येतना पोदेराकडसून पाव हाड. आनी आयक, तुजी ती भैण गेली गो बाय एकदाची! इतके दीस रवली, एक दीस भाजी चिरूंक हात लायलो ना!"

माझी बहीण दारामागच्या तिसऱ्या सीटवर होती. घरून निघून आमच्याच बसमध्ये बसलेली. मांडीवर पिशवी, पिशवीत बायकोनेच प्रेमाने बांधून दिलेले काजूगर.

आमचा ड्रायव्हर विठूमाम, ज्याने आयुष्यात कधी गाडी चालवताना मागे वळून पाहिलं नव्हतं, त्याने त्या दिवशी पाहिलं. म्हणाला, "दत्ता, आज पाव घेवन घरा वचू नको. आज घराच वचू नको."

गोष्ट मालकाच्या कानावर गेली. आमचे मालक बाबल शेट. पेडण्याच्या बाजारात दुकान, कोरगावात घर, अंगात रोज पांढराशुभ्र इस्त्रीचा शर्ट, आणि बोलणं मोजकं. त्यांनी हुकूम सोडला, की यापुढे बसच्या टेपला फोन लागता कामा नये.

मग माझा चुलतभाऊ कामाला आला. तो तारवटी, म्हणजे बोटीवर नोकरीला. त्याच्या ट्रंकेत गाणी वाजवायचा एक जुना प्लेअर पडून होता. पत्त्यांच्या कॅटाएवढा, काडेपेटीएवढा त्याचा स्क्रीन, आणि खाली गोल चाक. चाकावर अंगठा फिरवला की आवाज वाढतो, उलटा फिरवला की कमी होतो. फोन येणार नाही, मेसेज येणार नाही, बायको तर मुळीच येणार नाही. विठूमामने त्याचं नाव ठेवलं डबी. त्यात आरत्या भरल्या, जत्रेतल्या नाटकांची पदं भरली, आणि आमच्या बसमध्ये शांतता नांदू लागली.

* * *

आता विठूमामबद्दल सांगायला हवं. बस त्याच्या हातात असली की पेला भरून चहा घेऊन बसावं, थेंब सांडायचा नाही. स्टॉपवर उभ्या माणसाच्या नाकासमोर दार आणून उघडायचा. माणसाला पाऊलसुद्धा सरकावं लागत नसे. बाकी त्याला काही येत नाही, असं त्याची बायको शेवंतीमामी म्हणते, आणि तो नाही म्हणत नाही.

काजूच्या हंगामात तो बागेत बोंडू गोळा करायला गेला, वाळक्या पानांवरून पाय सटकला आणि उजव्या हातावर पडला. मनगट मोडलं. प्लास्टर निघालं तेव्हा अंगठा असा आखडलेला, की भाताचा घास धरता येईना. स्टिअरिंग तर दूरच.

बाबल शेट बघायला आले. माणूस वाईट नाही, पण बस चालू राहायला हवी. म्हणाले, "विठू, शाळा उघडासर रावतां. मागीर माका दुसरो कायमचो ड्रायव्हर घेवचो पडटलो." शाळा उघडेपर्यंतच्या या मुदतीला विठूमाम "बरें" म्हणाला. तीस वर्षं ज्याने बसशिवाय दुसरं काही केलं नाही, त्याला बसमधून उतरायला सांगणं म्हणजे काय, ते त्या ओसरीवर बसलेल्या आम्हा सगळ्यांना कळत होतं.

म्हापशाच्या इस्पितळात व्यायाम शिकवणाऱ्या एक तरुण बाई आहेत. त्यांनी एक रबरी चेंडू दिला. सकाळ-संध्याकाळ दाबायचा. पुढच्या खेपेला मी बरोबर होतो. अंगठ्यात काडीचा फरक नव्हता.

बाई म्हणाल्या, "काका, चेंडू रोज दाबता ना?"

"दाबतां," विठूमाम म्हणाला.

शेवंतीमामी खालमानेने म्हणाली, "तो न्हय बाय, आमचें सुणें दाबता."

चेंडू घरी पोचला त्याच दिवशी कुत्र्याने पळवला होता. त्या उन्हाळ्यात कुत्र्याचा जबडा भलताच मजबूत झाला.

* * *

बदली ड्रायव्हर म्हणून सातू आला. बांद्याकडचा, डिचोलीला खनिजाच्या ट्रकांवर असायचा. ट्रक सध्या थांबलेले म्हणून आमच्याकडे. स्वभावाने सोन्यासारखा, पण त्याला सवय लोखंडी मातीची. ब्रेक असा मारायचा, की मागच्या सीटवरची माणसं पुढच्यांची चौकशी करून यायची.

चोपड्याला रोज आनंदीबाय चढते, मासळीची पाटी घेऊन कोरगावात विकायला. तिने तिसऱ्याच दिवशी जाहीर केलं, "ह्याच्या बसीत बांगडो चडटा तेन्ना ताजो आसता. देंवता तेन्ना ताची चटणी जाल्ली आसता."

सातू कानाची पाळी धरून म्हणाला, "काय करू गे मावशी? ट्रकात खनिज आसता. ता कधी आवाज करणा नाय."

विठूमाम घरी बसलाच नाही. रोज पहिल्या फेरीला यायचा आणि बॉनेटजवळच्या सीटवर डबी घेऊन बसायचा. सातूला काही सांगायचा नाही, फक्त वळणावर स्वतःचे पाय दाबायचा, जणू ब्रेक त्याच्याच पायाखाली. एकदा माझं लक्ष गेलं. त्याच्या आवडीचं पद लागलं होतं, आणि त्याने चाकावर अंगठा ठेवून आवाज वाढवला. तोच अंगठा! चेंडू बघून जो लाकूड व्हायचा, तो पदाच्या तानेबरोबर हळूहळू गोल फिरत होता. दुखत असणार, कारण भुवया आकसल्या होत्या, पण तान काही त्याला सोडवत नव्हती.

मी ठरवलं, या अंगठ्याला कामाला लावायचं. पण आवाज वाढवून वाढवून किती वाढवणार? प्रवासी खाली उतरले असते.

* * *

मी तरुणपणी इलेक्ट्रॉनिक्सचा कोर्स केलेला आहे. कंडक्टर झालो म्हणून तो वाया गेला, असं म्हणणाऱ्यांची तोंडं मला बंद करायचीच होती. इंटरनेटवर शोधलं, तर जगभरच्या हौशी लोकांनी अशाच जुन्या डब्यांसाठी एक फुकट सॉफ्टवेअर लिहून ठेवलेलं. मूळ डबीत गाण्यांखेरीज काही नव्हतं. हे सॉफ्टवेअर घातलं की तिच्यात खेळ येतात. साप येतो, बुद्धिबळ येतं, आणि एक भिंतीचा खेळ येतो. वर विटांची भिंत, खाली एक छोटी फळी, मध्ये चेंडू. चाकावर अंगठा फिरवून फळी सरकवायची, चेंडू परतवायचा, भिंत फोडायची. विठूमामला चेंडू नकोच होता ना? मग हा घे, कुत्र्याला न पळवता येणारा!

एकच भीती होती. घालताना मध्येच काही तुटलं, तर डबी कायमची गप्प. विठूमाम म्हणाला, "देवाक इचारल्याबगर नाका."

आमच्याकडे नवी विहीर खणायची असो की नवरी बघायची असो, देवाचा कौल घेतात. देवाच्या मूर्तीला फुलांच्या पाकळ्या लावायच्या आणि कुठली पडते ते बघायचं. उजवी पडली तर होकार. देवळातल्या गुरवाने विचारलं, "गाराणां कसां घालू?" मी त्याला सगळं समजावलं. त्याने हात जोडले आणि सुरू केलं.

"बा देवा म्हाराजा! ह्या तुज्या लेकरान् गाण्याच्या डब्येत खेळ घालूचो बेत केल्लो आसा. तो घालताना डब्येची बॅटरी सरूची न्हय, वायर हालूची न्हय, कोणाची नदर लागूची न्हय, आनी आमच्या विठूचो हात पयलेसारको स्टेरिंगार येवचो, असो आशीर्वाद दी रे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!" आम्ही म्हणालो. उजवी पाकळी पडली.

त्याच दुपारी माझ्या घरी लॅपटॉपला डबी जोडली. विठूमाम समोर हात जोडून बसलेला. काम अर्ध्यावर आलं आणि लाईट गेली. माझ्या लॅपटॉपची बॅटरी म्हणजे माहेरी आलेली मुलगी, कधी निघेल सांगता येत नाही. स्क्रीनवरची निळी पट्टी मुंगीच्या पावलांनी सरकत होती. ती टोकाला पोचली, डबीने नवं चित्र दाखवलं, आणि त्याच क्षणी लॅपटॉप काळा पडला.

विठूमाम जोडलेले हात सोडत म्हणाला, "देवाक डब्येची बॅटरी सांगल्ली. लायटीचें कोणेच सांगूंक नाशिल्लें. मगे तें कशें जमलें?"

दुसऱ्या दिवशी आम्ही ते गुरवालाच विचारलं. तो पानाला चुना लावत म्हणाला, "गाराण्याच्या शेवटाक मनातल्या मनात 'चुकला-माकला सांबाळून घे' म्हणतां मी. लायट थंयच आयली."

* * *

अगरवाड्याजवळ रस्त्याकडेला राखणदाराचं ठिकाण आहे. गावाची राखण करणारा तो, त्याच्यासमोरून जाताना सगळ्या बसवाल्यांचा एक नेम असतो. टेप गप्प करायचा, हात जोडायचे, पुढे गेलं की पुन्हा गाणं. सातू परका असूनही हा नेम पाळायचा.

एक दिवस मी नेहमीप्रमाणे गाणं थांबवलं, पण विठूमामच्या हातात त्याच डबीवर खेळ चालू होता आणि वायर टेपलाच होती. हे माझ्या लक्षात आलं नाही. बस राखणदारासमोर आली. सगळे गप्प, सगळ्यांचे हात जोडलेले. आणि चारी स्पीकरांतून एकदम वाजंत्री सुरू झाली. टँ टँटँ टँऽऽ!

विठूमामने पहिली भिंत फोडली होती!

सातूने घाबरून ब्रेक मारला. कोणाला हसावं की पाया पडावं कळेना. आनंदीबायने जोडलेले हात सोडले नाहीत. डोळे मिटूनच म्हणाली, "राखणदार आज खंय तरी जिकलो दिसता."

पुढच्या स्टॉपपर्यंत बसभर एकच गोष्ट. विठूने भिंत फोडली. मी अंगठ्याकडे बघत होतो. थरथरत होता, पण वाकत होता. मला खरंच भरून आलं, आणि ते दिसू नये म्हणून मी उगाच दोघांकडे पुन्हा तिकीट मागितलं.

* * *

आमच्या बसमध्ये एक निवृत्त गुरुजी आहेत. पार्शाला राहतात, रोज नातवाला शिवोलीच्या शाळेत सोडून परत येतात. सुट्टी लागली तरी नातवाच्या क्लासला येणं-जाणं होतंच. त्यांना खेळ हा शब्दच मान्य नाही. "विठोबा, या वयात हे काय पोरखेळ?" असं रोज म्हणायचे आणि रोज शेजारी बसून बघायचे. बघता बघता सल्ले द्यायला लागले. "डावीकडे घ्या. अहो, कोन बघा कोन!"

विठूमामने एक दिवस डबी त्यांच्या हातात दिली. "घेयात गुरुजी. तुमीच कोन बगा."

पार्से आलं. मी शिट्टी मारली. "गुरुजी, पार्से." गुरुजींनी मान वर केली नाही. मी पुन्हा सांगितलं. ते म्हणाले, "चल, चल, थांबू नकोस."

कोरगावला पोचल्यावर त्यांना जाग आली. घरून फोन आला होता, कुठे राहिलात म्हणून. गुरुजी आयुष्यभर खरं बोललेले. त्यांनी फोनवर सांगितलं, "अगं, माझे दोन जीव शिल्लक होते, म्हणून उतरलो नाही."

पलीकडून त्यांच्या बायकोचा बारीक आवाज आला, "तुम्ही आहात तिथेच बसून राहा. मी दिराला पाठवते."

* * *

सातूलाही राहवेना. त्याला भिंती-बिंती नको होत्या. "दत्ता, माका गाडयेचो खेळ घाल." मी शोधून गाड्यांच्या शर्यतीचा एक खेळ घातला. चाकाने गाडी वळवायची, मधलं बटण दाबलं की वेग.

म्हापशाच्या स्टँडवर फेरीला वेळ होता. सातू खेळायला बसला, भोवती चार बसचे ड्रायव्हर-कंडक्टर. शर्यत सुरू झाली. बाकीच्या गाड्या भुर्रकन निघून गेल्या. सातूची गाडी मात्र रस्त्याच्या डाव्या कडेने गोगलगायीसारखी चाललेली.

"अरे, दाब बटण! धाव!" सगळे ओरडले.

सातू शांतपणे म्हणाला, "कित्याक? फाटी गाडी खंय दिसता?"

एकदम सगळ्यांना पटलं. खाजगी बसवाल्याचा हा धर्मच आहे. मागे दुसरी बस दिसेपर्यंत रेंगाळायचं, प्रवासी गोळा करायचे, आणि ती दिसली की जीव घेऊन सुटायचं. खेळात सगळ्या गाड्या पुढे गेल्या होत्या. मागे कोणीच नव्हतं. मग धावायचं कोणासाठी?

शर्यत संपली. सातू शेवटचा आला. विठूमामने त्याच्या पाठीवर थाप मारली, उजव्याच हाताने, आणि म्हणाला, "बरें चलयलें. एक पसींजर सोडूंक ना."

* * *

शाळा उघडायला थोडेच दिवस राहिले होते तेव्हा आम्ही पुन्हा इस्पितळात गेलो. व्यायामाच्या बाईंनी हाताची पकड मोजायचं यंत्र दिलं. विठूमामने दाबलं. बाईंनी यंत्र झटकलं, पुन्हा दाबायला सांगितलं. मग अंगठा पुढे-मागे, गोल-गोल करून बघितला.

"काका, चेंडूने एवढा फरक पडत नाही. काय केलंत खरं सांगा."

विठूमामने खिशातून डबी काढली. जरा लाजला, पण भिंत लावून दाखवली. बाई बघत राहिल्या. मग म्हणाल्या, "द्या बघू." खुर्ची ओढून बसल्या. बाहेर गुडघेवाले, पाठवाले, मानेवाले ताटकळत. एका आजोबांनी दारातून डोकं घालून विचारलं, "बाय, आमचो नंबर केन्ना?"

बाई मान वर न करता म्हणाल्या, "एवढी वीट फुटली की लगेच."

मग त्या आम्हाला डॉक्टरांकडे घेऊन गेल्या. डॉक्टरांनी हात तपासला, वाकवला, ताण दिला, आणि गाडी चालवायला हरकत नाही म्हणाले. विठूमाम बाहेर आला आणि इस्पितळाच्या पायरीवर बसला. शेवंतीमामीने पदराने डोळे पुसले. मी म्हटलं, "मामी, आता कशाला?" ती म्हणाली, "तुका कितें कळटा? हो घरांत बसल्यार माका कितलो त्रास!"

* * *

डॉक्टरांचं पटलं, पण बाबल शेटना पटेना. "खेळून बरो जाल्लो हात? बसीत जिती माणसां आसतात." बरं, त्यांचंही चुकलं नव्हतं. त्यांनी आपली परीक्षा ठरवली. म्हापसा ते कोरगाव भरल्या बसमध्ये ते मधल्या वाटेत उभे राहणार, हाताची घडी घालून. कशालाही धरणार नाहीत. उभे राहिले तर सीट विठूची. पडले, तर सातू कायमचा.

म्हापशाला शेट चढले. अंगात पांढरा शर्ट, करकरीत. घडी घालून उभे राहिले, नजर समोर. बातमी आधीच पसरली होती, त्यामुळे बसला नेहमीपेक्षा गर्दी. सातू मागच्या सीटवर येऊन बसला. मी त्याला विचारलं, "तुला काय वाटतं?" तो म्हणाला, "माका डिचोलीसून बोलावणां येतला तेन्ना येतला. पण ही बस माझी न्हय."

विठूमामने स्टिअरिंगला हात लावला, हात कपाळाला लावला आणि गाडी काढली. काय सांगू तुम्हाला! बस निघाली हे शिवोलीचा पूल आल्यावर लोकांना कळलं. वळणं लोण्यासारखी. चोपड्याला आनंदीबाय उभी होती, दार बरोबर तिच्या नाकासमोर उघडलं. तिने पाटी सीटखाली सरकवली. पेडव्यांची होती, खवले गळणाऱ्या त्या बारीक मासळीची. वरची पानं नीट करायला तिने हात घातला आणि शेटच्या मागेच बसली. शेट अजून तसेच, घडी घातलेले. गुरुजी पार्शाला उतरलेच नाहीत, आणि या वेळी त्यांच्या हातात खेळही नव्हता.

पार्शाच्या पुढे एक अरुंद वळण आहे. डावीकडे चिऱ्यांचा गडगा, म्हणजे दगडी कुंपण, उजवीकडे गटार. त्या वळणावर समोरून स्कूटर आली आणि त्याच वेळी गडग्याच्या फटीतून एक वासरू उडी मारून रस्त्यात आलं.

विठूमामने ब्रेक दाबला आणि स्टिअरिंग पूर्ण ओढलं, उजव्या हाताने, अंगठ्याने गच्च धरून. टायर किंचाळले. बस स्कूटर आणि वासराच्या मध्ये, गडग्याला आणि गटाराला न लागता, जागच्या जागी उभी राहिली. स्कूटरवाला सुखरूप. वासरू तर उलट रागाने बघत होतं. अशी गाडी मी माझ्या जन्मात थांबलेली पाहिली नाही.

पण बसमध्ये सगळं पुढे उडालं. पिशव्या, चपला, गुरुजींचा चष्मा. माझं कपाळ दांडीवर आपटलं. शेट आता थेट काचेवर, असं मनात आलं आणि मी डोळे मिटले.

उघडले तर शेट उभे. हाताची घडी तशीच. जरासे पुढे झुकलेले, पण उभे.

त्यांच्या मागे हातच हात होते. गुरुजींनी पट्टा धरलेला. कोणीतरी शर्टाचं टोक, कोणीतरी पँटचा खिसा. मागच्या सीटवरून सातू कसा पोचला देव जाणे, त्याने कंबरेला मिठी घातलेली. आणि आनंदीबायने पाठीवरचा शर्ट मुठीत आवळून धरलेला.

विठूमामने आरशात पाहिलं. तेवढ्यात सगळे हात आपापल्या जागी गेले. त्याला आरशात दिसले फक्त शेट, हाताची घडी घालून उभे.

शेटनी मागे वळून पाहिलं नाही. कोरगावला देवळाकडे त्यांचं घर. बस थांबली, ते पुढच्या दाराशी आले आणि विठूमामला म्हणाले, "फाल्यां सकाळची पयली फेरी तुजी."

मग उतरले आणि बसच्या पुढून, उन्हातून, घराकडे चालू लागले. पांढऱ्या शर्टाच्या पाठीवर पेडव्यांच्या खवल्यांची पाच बोटं चमचम करत होती.

विठूमामने डोळे बारीक केले. "दत्ता, शेटाच्या फाटीर कितें रे तें झगझगता?"

"ऊन असेल," मी म्हटलं आणि डबल शिट्टी मारली.